'टर्कोफाइल'ला मराठीत काय म्हणावं? मानपत्रात छापलेल्या एका शब्दावरून

दोनबीम, सोलापूर

नमस्कार मंडळी.

मी सोलापूरचा, पूर्व भागातला. टॉवेलच्या कारखान्यात एकतीस वर्षं जॉबर होतो, म्हणजे माग लावून देणारा आणि सांभाळणारा, गेल्या महिन्यात निवृत्त झालो. घरात तेलुगू बोलतो, शाळा मराठीत झाली, मागावर कन्नड आणि दखनी रोज कानावर पडायची. शिक्षण दहावीपर्यंतच, पण शब्दांची ओढ लहानपणापासूनची. म्हणून इथे विचारतोय.

निरोप समारंभात मला मानपत्र दिलं. मालकांच्या मुलाने माझ्याबद्दल चार ओळी इंग्रजीत लिहून दिल्या होत्या, त्यात मला 'टर्कोफाइल' म्हटलं होतं. त्याने ते मनापासून लिहिलं होतं, कारण गेली बारा वर्षं जेवणाच्या सुट्टीत मी त्याला तुर्की शब्द आणि तुर्की टॉवेलच्या गोष्टी ऐकवत आलोय. मजकुराचं मराठी ज्यांनी केलं त्यांनी तिथे 'तुर्कधार्जिणे व्यक्तिमत्त्व' असं घातलं. ते छापलं, फ्रेम झालं आणि स्टेजवर माइकवरून वाचलंही गेलं. वाचणाऱ्याचा आवाज त्या शब्दापाशी अडखळला. जेवताना माझे मेहुणे शेजारी येऊन हळूच म्हणाले, "दाजी, असलं कशाला छापू दिलंत? दिवस कसले चाललेत!" घरी आल्यावर बायकोने ती फ्रेम कपाटामागे भिंतीकडे तोंड करून ठेवली. अजून तिथेच आहे.

मेहुण्यांचं खोटं नाही. २०२५ च्या मे महिन्यात तुर्कस्तानने पाकिस्तानची बाजू घेतली तेव्हा पुण्याच्या व्यापाऱ्यांनी तुर्की सफरचंदं घेणं बंद केलं. राग मलाही आला होता. पण त्या रागाचा आणि माझ्या आवडीचा एकमेकांशी संबंध नाही, हे त्या एका शब्दाने पुसून टाकलं.

आता आवड कशी लागली ते सांगतो, म्हणजे कुठला शब्द बसेल ते तुम्हाला ठरवता येईल.

बारा वर्षांपूर्वी मालकांनी मला मुंबईच्या एका कापड प्रदर्शनाला नेलं. तिथे डेनिझलीच्या एका टॉवेलवाल्यांचा गाळा होता. डेनिझली म्हणजे तुर्कस्तानचं टॉवेलचं गाव, आपल्या सोलापूरसारखंच. गाळ्यावर साठीचे एक गृहस्थ बसले होते. त्यांना इंग्रजी येत नव्हतं, मलाही नाही. मी टॉवेल हातात घेतला आणि सवयीने उलटा करून किनार बघितली. मग अंगठ्याच्या नखाने एक लूप हळूच ओढून बघितला, सरकतो का ते. सरकला नाही. मान वर केली तर ते उभे राहून माझ्या नखाकडेच बघत होते. त्यांनी खालून दुसरा टॉवेल काढला, उलटा केला, तसंच नख लावलं आणि मला दाखवलं. मग दोन बोटं वर केली, एक ताठ धरली, दुसरी सैल सोडली. मला हसूच फुटलं. दोन बीम! एक ताठ, एक सैल. टेरीचं, म्हणजे लूपवाल्या टॉवेलच्या कापडाचं, सगळं गुपित त्या दोन बोटांत होतं.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी सांगतो. साध्या कापडाला ताण्याचा, म्हणजे उभ्या धाग्यांचा, एक बीम पुरतो; बीम म्हणजे ते धागे गुंडाळलेला रूळ. टेरीला दोन लागतात. खालच्या बीमचा ताणा ताठ, त्यावर कापडाची जमीन बनते. वरच्या बीमचा सैल, त्याचे लूप होतात. आडवे धागे ठोकून बसवते ती फणी. पहिले दोन आडवे धागे ती थोडे अलीकडेच ठेवते, पुरते ठोकत नाही. तिसरा धागा आला की फणी तिन्ही मिळून पुढे दामटते. ताठ ताण्यावरून ते घसरत जातात, सैल ताण्याला मात्र जागा उरत नाही, म्हणून तो उभा राहतो. तो उभा राहिलेला धागा म्हणजे लूप. एका इंचात असे कितीतरी, दोन्ही अंगांना. सैल बीमचा ताण जरा चुकला की एकीकडे लूप लांब, एकीकडे आखूड, आणि माल दुय्यम. एकतीस वर्षं मी तो ताण सांभाळला.

त्या गृहस्थांनी मला छोट्या कपात कॉफी दिली. तळाशी गाळ असलेली, कडू. मग एक वाक्य म्हणाले आणि शेजारच्या दुभाष्या पोराकडून मला कागदावर देवनागरीत लिहून दिलं: "बिर फिंजान काहवेनिन कर्क यल हातरी वार." एका पेला कॉफीची खातर चाळीस वर्षं राहते, अशी त्यांच्याकडची म्हण. त्यातला 'हातर' म्हणजे आपला 'खातर'च, हे मला पुढे कळलं. तो कागद आजही माझ्या वहीत चिकटवलेला आहे. त्या वहीत आजवर सहाशे अकरा तुर्की शब्द झालेत.

माझे प्रश्न असे:

'टर्कोफाइल'चा नेमका अर्थ काय? त्यात त्यांच्या सरकारची बाजू घेणं येतं का? आणि मराठीत असा शब्द आहे का, जो भिंतीवर लावला तर घरच्यांना मान खाली घालावी लागणार नाही?

निवृत्त मराठी शिक्षिका, बार्शी

दादा, तुमचा प्रश्न दोनदा वाचला. मानपत्रात असं व्हायला नको होतं. अर्थाची फोड करून बघू.

'फाइल' हे शेपूट ग्रीक 'फिलोस'वरून आलं, म्हणजे प्रिय, स्नेही. ग्रंथांवर जीव असणारा तो बिब्लिओफाइल, इंग्रजांच्या रीतीभाती आवडणारा तो अँग्लोफाइल, तसा तुर्क लोक, त्यांची भाषा, कला, खाणंपिणं आवडणारा तो टर्कोफाइल. उलट टोकाला 'फोब' लागतं: तुर्कांचा तिटकारा किंवा धास्ती असणारा तो टर्कोफोब. तुर्की भाषा आणि इतिहासाचा रीतसर अभ्यास करणाऱ्याला वेगळा शब्द आहे, टर्कॉलॉजिस्ट. त्याला तुर्क आवडायलाच हवेत असं नाही.

तुमच्या दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर मात्र सरळ 'नाही' असं देता येत नाही. एकोणिसाव्या शतकात हा शब्द राजकारणात खूप वापरला गेला. १८७६ मध्ये बल्गेरियातलं बंड ऑटोमन, म्हणजे तेव्हाच्या तुर्की साम्राज्याच्या, सैन्याने फार क्रूरपणे मोडलं. इंग्लंडमध्ये माजी पंतप्रधान ग्लॅडस्टन यांनी त्याविरुद्ध पुस्तिका काढली, आणि रशियाला अडवण्यासाठी तुर्की साम्राज्य टिकवू पाहणारे पंतप्रधान डिझरेली त्यांच्या टीकेचे धनी झाले. त्या वादात 'टर्कोफाइल' म्हणजे तुर्की साम्राज्याची बाजू घेणारा. म्हणून आजही शब्दाला दोन्ही छटा आहेत. वाक्यात आजूबाजूला काय आहे त्यावरून कुठली ते कळतं. भाषा, खाणं, विणकाम यांच्या शेजारी शब्द आला तर संस्कृतीची आवड. परराष्ट्र धोरणाच्या शेजारी आला तर राजकीय कल.

आता 'धार्जिणा'. हा मुळात वाईट शब्द नव्हेच. धार्जिणं म्हणजे लाभणारं, मानवणारं. "आमच्या घराण्याला म्हशी धार्जिण्या नाहीत" असं आमची आजी म्हणायची, कारण विकत आणलेली म्हैस दर खेपेला आटायची. पण हाच शब्द माणसांच्या नावाला जोडला की अर्थ फिरतो. 'इंग्रजधार्जिणा' म्हणजे इंग्रजांकडे झुकलेला, त्यांच्या सोयीने वागणारा. त्यात आपल्यांना सोडल्याचा आरोप असतो. भाषांतर करणाऱ्याने बहुधा पहिला अर्थ मनात धरला आणि ऐकणाऱ्यांनी दुसरा ऐकला.

मराठीत अशा जोडणीची बरीच शेपटं आहेत आणि प्रत्येकाचं वजन वेगळं. 'वेडा' लावलं तर कौतुक आहे, पण पोरकटपणाची झाक येते. 'भक्त' हल्ली कुणाला लावावं अशी परिस्थिती नाही. 'प्रेमी' सगळ्यांत सोपा, रुळलेला. आणि एक फार नेमका प्रकार आहे, 'आंग्लाळलेला', 'मराठाळलेला'. तो आवडीबद्दल बोलतच नाही, माणूस तसा होऊन गेला एवढंच सांगतो. तुम्ही पूर्व भागातले, घरात तेलुगू, बाहेर मराठी. मराठाळलेले म्हणजे काय ते तुम्हाला मी सांगायला नको. तुम्ही तुर्काळलेले नाही आहात. तुम्हाला तुर्की गोष्टी आवडतात.

एक अडचण 'तुर्क' शब्दाचीच आहे. जुन्या मराठीत 'तुर्क' म्हणजे सरसकट मुसलमान. एकनाथांचा 'हिंदू-तुर्क संवाद' आहे, त्यातला तुर्क इस्तंबूलहून आलेला नाही, तो इथलाच शेजारी आहे. त्यामुळे नुसतं 'तुर्कप्रेमी' म्हटलं की जुन्या कानाला भलतंच ऐकू येतं. शिवाय 'तरुण तुर्क' आहेच. तो १९०८ ची क्रांती करणाऱ्या तिकडच्या तरुणांवरून आला आणि आपल्याकडे कुठल्याही बंडखोर तरुण पुढाऱ्याला चिकटला.

माझं मत 'स्नेही'कडे झुकतं. इतरांनीही सांगावं.

विजापूर वेस

बाईंनी छान उलगडलं. एक भर घालतो.

जुन्या काळी तुर्कांच्या मुलखाला 'रूम' म्हणत आणि तिथून आलेल्या माणसाला 'रूमी'. हे लोक आपल्या भागात होते, आणि तुमच्यासारखेच कारागीर म्हणून होते. विजापूरच्या बुरुजावरची मुलूख मैदान तोफ बघितलीच असेल, सोलापूरहून शंभर किलोमीटरवर. ती १५४९ मध्ये अहमदनगरला ओतली गेली. ओतणाऱ्याचं नाव तोफेवरच कोरलेलं आहे, मुहम्मद बिन हुसेन रूमी. तोंडाशी श्वापदाचा जबडा आणि त्या जबड्यात चिरडलेला हत्ती. ओतकाम इतकं सफाईदार की आजही हात फिरवला तर थंड आणि गुळगुळीत लागतं.

'तोफ' शब्दही तुर्कीच. तिकडे 'तोप' म्हणजे तोफही आणि चेंडूही. 'तोपची'मधला 'ची' हा तर खास तुर्की प्रत्यय, ते करणारा माणूस दाखवणारा. बावर्ची, मशालची, सगळे त्याच घरातले. म्हणजे काका, तुमच्या आवडीला आपल्याकडे पाचशे वर्षांची ओळख आहे.

मूळ सोलापूरकर, सध्या पुणे

काका, तुमच्याबद्दल पूर्ण आदर ठेवून लिहितो. वाईट वाटून घेऊ नका.

शब्द कुठलाही शोधा, प्रश्न तोच राहणार. माझा मोठा भाऊ सैन्यात आहे. २०२५ च्या त्या दिवसांत आमच्या आईने चार रात्री टीव्ही बंद केला नाही. ज्या देशाने तेव्हा समोरच्याला साथ दिली त्याच्यावरचं प्रेम आपण मानपत्रात का लिहायचं? टॉवेल चांगले विणतात, मान्य. मग 'उत्तम कारागीर' एवढं पुरे आहे. प्रेमाला शब्द कशाला हवा?

दखनी लेक, सोलापूर

आदाब काका. मी साखर पेठेतली, कॉलेजात इतिहास शिकवते. माझ्या घरची एक गोष्ट सांगते, ती या शब्दाला धरूनच आहे.

आमच्या जुन्या ट्रंकेत पणजोबांची टोपी आहे. लाल, वर काळा गोंडा, आतली कातड्याची पट्टी घामाने काळी पडलेली. तिला घरात 'रूमी टोपी' म्हणतात, बाहेर लोक 'तुर्की टोपी' म्हणायचे. पणजोबा खिलाफत चळवळीत होते, म्हणजे तुर्कस्तानच्या खलिफाचं पद टिकावं म्हणून इथे झालेल्या चळवळीत. १९१९ नंतरची ती चार-पाच वर्षं. गांधीजीही त्या चळवळीत उतरले होते, म्हणजे ती एका समाजापुरती राहिली नव्हती. त्याआधी १९१२ मध्ये बाल्कन युद्धात जखमी झालेल्या तुर्की सैनिकांच्या मदतीला डॉ. मुख्तार अहमद अन्सारी इथून वैद्यकीय पथक घेऊन गेले होते. पणजोबा मात्र सोलापूरच्या पलीकडे फार तर हैदराबादपर्यंत गेले असतील.

मग ३ मार्च १९२४ ला तुर्कांच्याच संसदेने खिलाफत बरखास्त केली. आणि १९२५ मध्ये नव्या तुर्कस्तानचे राष्ट्राध्यक्ष अतातुर्क यांनी ती लाल टोपी कायद्याने बंद केली, हॅट घालायला लावली. म्हणजे तुर्कांनी टोपी उतरवली आणि माझे पणजोबा इथे साखर पेठेत ती घालून फिरत राहिले, १९४० नंतरही. दादी सांगायच्या की त्यांना कुणी हे विचारलं तर ते गप्प बसायचे.

मला नेहमी वाटतं की पणजोबांनी प्रेम केलं ते त्यांच्या मनातल्या तुर्कस्तानावर. फ्रान्सचे नौदल अधिकारी आणि लेखक पिएर लोती यांचंही तसंच. जगातला सगळ्यांत प्रसिद्ध टर्कोफाइल म्हणजे तेच. इस्तंबूलच्या एयुप भागातल्या टेकडीला आजही त्यांचं नाव आहे. पण त्यांना हवं होतं ते जुनं, सरतं इस्तंबूल. खऱ्या तुर्कांना रेल्वे हवी होती, नवी लिपी हवी होती. ती लिपी १९२८ मध्ये आलीही.

तुमचं वेगळं आहे काका. तुम्ही तिथल्या एका माणसाबरोबर एकच टॉवेल उलटा करून बघितलात. तुमच्या प्रेमात मला कल्पना कमी आणि ओळख जास्त दिसते.

पुण्याच्या दादांना एवढंच सांगते की तुमच्या आईची ती चार रात्रींची काळजी मला समजते. आमच्या घरीही टीव्ही चालूच होता. पण 'तुर्क' शब्द चुकीच्या ठिकाणी वापरला गेला की इथे सोलापुरात त्याचा भार कुणावर पडतो, हे मी लहानपणापासून बघितलंय. म्हणून नेमका शब्द हवा असं मला फार वाटतं.

दोनबीम, सोलापूर

सगळ्यांचे आभार. काल रात्री वाचायला बसलो, बायकोलाही वाचून दाखवलं. टोपीची गोष्ट ऐकून ती बराच वेळ काही बोलली नाही.

पुण्याच्या दादा, वाईट अजिबात वाटलं नाही. तुम्ही तोंडावर विचारलंत, मेहुण्यांसारखं कानात नाही. तुमच्या भावाला माझा नमस्कार सांगा. तुम्ही विचारलंत, प्रेमाला शब्द कशाला हवा. उत्तर द्यायला मला थोडं मागे जावं लागेल.

३० सप्टेंबर १९९३. आदल्या दिवशी गणपती विसर्जन झालेलं, पहाटे चारच्या सुमाराला घर हललं. सोलापुरात आम्ही सगळे रस्त्यावर आलो. उजाडल्यावर किल्लारीचं कळलं. दुपारी कारखान्यातून चादरी आणि टॉवेलचे गठ्ठे टेम्पोत टाकून आम्ही सहाजण निघालो. आम्हाला वाटलं होतं लोकांना पांघरायला लागतील. तिथे गेल्यावर त्या चादरी कशाला लागल्या ते इथे लिहीत नाही. जॉबर व्हायच्या आधी मी मागावर होतो; माझ्याच मागावरचा एक निळ्या पट्ट्याचा टॉवेल एका आजोबांनी डोक्याला गुंडाळला होता आणि ते दगड उचलत होते, एकटेच.

६ फेब्रुवारी २०२३ ला तुर्कस्तानात भूकंप झाला, तोही पहाटे चारच्या सुमाराला. टीव्हीवर पहिला ढिगारा बघितला आणि मला किल्लारीच्या मातीचा वास आला. आपल्या देशाने तिकडे पथकं पाठवली, आणि त्या मोहिमेचं नाव ठेवलं 'ऑपरेशन दोस्त'. का तर 'दोस्त' हा शब्द तुर्कीतही 'दोस्त'च आहे. माझ्या वहीच्या पहिल्या पानावर तो आधीच होता. बायकोला मी ती वही आणून दाखवली.

सरकारं काय करतात ते त्यांचं त्यांना. तेव्हा आपण धावलो ते बरोबर होतं, आणि पुढे त्यांनी जे केलं त्याचा राग येणंही बरोबर आहे. 'उत्तम कारागीर' हे मी माझ्याबद्दल आनंदाने लिहून घेईन. पण ते माझ्या हातांबद्दल झालं. वहीतल्या सहाशे अकरा शब्दांबद्दल काही लिहायचं तर दुसरा शब्द लागतो, त्याला माझा इलाज नाही.

आता थोडं त्या शब्दांबद्दल, कारण ते कुणाला सांगितल्याशिवाय मला राहवत नाही.

तुर्कीत टॉवेलला 'हावलू' म्हणतात. 'हाव' म्हणजे कापडावर उभी राहिलेली लव. लव असलेला तो हावलू. दोन बीमचा, म्हणजे माझा. ते विकणारा-करणारा 'हावलुजू'. विजापूर वेसवाल्यांनी सांगितलेला 'ची' तो हाच, त्यांच्याकडे आधीच्या स्वराप्रमाणे बदलतो. लव नसलेला, सपाट विणीचा, हमामात कमरेला गुंडाळायचा तो 'पेश्तेमाल'. अगदी आपला पंचा. हा मूळचा फारसी, 'पुश्त' म्हणजे पाठ आणि 'माल' म्हणजे चोळणारा. पाठ चोळायचा तो पुश्तमाल. आणि 'रू' म्हणजे चेहरा, तो पुसायचा तो 'रुमाल'! आयुष्यभर खिशात रुमाल बाळगला आणि तो पेश्तेमालचा सख्खा भाऊ आहे हे मला वयाच्या पन्नाशीत कळलं. त्या दिवशी मी मागावरच्या पोरांना पेढे वाटले होते. त्यांना वाटलं नातू झाला.

आणि चादर. सोलापूरच्या माणसाला याहून गोड काय असेल? अंथरायच्या चादरीला तुर्कीत 'चार्शाफ' म्हणतात. मूळ 'चादर-शब', म्हणजे रात्रीची चादर. बोलून बोलून झिजलं. साबण 'साबुन', सरबत 'शेर्बेत', मैदान 'मेयदान', हिशेब 'हेसाप', दुकान 'दुक्कान'. यातले बरेचसे अरबी-फारसीतून दोन्हीकडे गेले, तुर्कांकडून आपल्याकडे आले असं नाही, हे मला माहीत आहे. म्हणजे एकाच बाजारातून दोन गिऱ्हाइकांनी सूत उचललं.

टेरी टॉवेलचंही ऐका. १८५० च्या सुमारास हेन्री ख्रिस्ती नावाचा एक इंग्रज तुर्की मुलखात फिरायला गेला आणि लूपचं कापड घेऊन परतला. त्यांच्या कारखान्यातल्या सॅम्युएल होल्ट या माणसाने ती वीण यंत्रावर बसवली, आणि १८५१ च्या लंडनच्या मोठ्या प्रदर्शनात ते टॉवेल मांडले गेले. म्हणून दुकानात अजून 'टर्किश टॉवेल' म्हणतात. तीच वीण फिरत फिरत सोलापुरात आली आणि आज आमच्या टेरी टॉवेलला चादरीसारखंच भौगोलिक मानांकन आहे. नाव इंग्रजांनी दिलं, यंत्र इंग्रजांनी दिलं, पण धागा सैल सोडायची अक्कल त्यांच्याकडच्या कुणा हातमागवाल्याची. त्याचं नाव कुठेच नाही. मला त्याचे आभार मानायचेत, एवढंच माझं 'टर्कोफाइल'पण.

दखनी लेकीने म्हटलं की तुमच्यात ओळख जास्त आहे. पोरी, एकाच माणसाची, तीही पंधरा मिनिटांची. पण तुझे शब्द मी वहीत उतरवून घेतलेत.

बाई, आता तुम्ही सांगा. 'तुर्कप्रेमी' लिहू की 'तुर्कस्नेही'?

मूळ सोलापूरकर, सध्या पुणे

काका, किल्लारीला माझे वडीलही गेले होते, एसटीने. ते या विषयावर कधी बोलले नाहीत. आज रात्री फोन करून विचारतो. तुमच्या मानपत्राला माझी हरकत नाही.

निवृत्त मराठी शिक्षिका, बार्शी

दादा, 'प्रेमी' चूक नाही, पण तो हल्ली फार वापरून गुळगुळीत झालाय. वृक्षप्रेमी, श्वानप्रेमी, क्रिकेटप्रेमी. त्याला समोरून उत्तर यावं लागत नाही. स्नेह एकट्याने होत नाही. तुम्हाला कॉफी देणारा तिकडे कुणीतरी होता, म्हणून 'स्नेही'.

'तुर्क' शब्दाची जी अडचण मी वर सांगितली ती टाळायला 'तुर्क' ऐवजी 'तुर्की' घ्या. तुर्क म्हणजे माणसं, आणि मराठीत त्याला इतर अर्थ चिकटलेले. तुर्की म्हणजे त्या देशाचं, त्या भाषेचं. 'तुर्की भाषेचे आणि विणकामाचे स्नेही' असं लिहिलंत की शंकेला जागाच उरत नाही. जोडशब्दाचा हट्ट धरू नका. इंग्रजीत एका शब्दात आहे म्हणून मराठीतही एकच शब्द हवा असं काही नाही. लेखात, बातमीत जिथे आटोपशीर शब्द हवा तिथे 'तुर्कस्नेही' चालेल. मानपत्र मात्र भिंतीवर राहतं, ते सविस्तर असावं.

एक कुतूहल. तुर्क लोक स्वतः अशा माणसाला काय म्हणतात?

दखनी लेक, सोलापूर

बाई, हे मला माहीत आहे. 'त्युर्क दोस्तू' म्हणतात. पिएर लोतींनाही तेच म्हणतात. 'सेवेर' म्हणजे प्रेम करणारा, तो जोडून 'त्युर्कसेवेर'ही आहे, पण बोलण्यात दोस्तूच जास्त.

दोनबीम, सोलापूर

दोस्त! वहीच्या पहिल्या पानावरचाच शब्द.

मंडळी, ठरलं. आज सकाळी मालकांच्या मुलाला फोन केला, त्याला सगळं सांगितलं. त्याला इतकं वाईट वाटलं की तो स्वतः गाडी घेऊन घरी आला. ज्यांनी मराठी केलं होतं त्यांचं नाव मी त्याला घेऊ दिलं नाही. त्यांनी चांगल्या मनानेच केलं होतं. आम्ही दोघांनी बसून ओळ नवी लिहिली. बायको चहा ठेवत ऐकत होती. एका ठिकाणी म्हणाली, "ते किनारीचं पण घाला की." घातलं. ओळ अशी झाली:

"टॉवेलची किनार बघून माग ओळखणारे, एकतीस वर्षं दोन बीमचा ताण सांभाळणारे, तुर्की भाषेचे आणि विणकामाचे स्नेही."

खाली बारीक अक्षरात देवनागरीतच 'त्युर्क दोस्तू' घालायचं का, असं त्याने विचारलं. मी नको म्हणालो. ते त्यांनी म्हणायचं, आपण आपल्याला नाही.

फ्रेम कपाटामागून काढली. काचेवर धूळ बसली होती, बायकोने पदराने पुसायला घेतली, मग थांबली आणि आतून टॉवेल आणला. फ्रेमवाल्याने सोमवारचा वायदा दिलाय.